नदीकाठचे दोन प्रेंटिस

मॅनिंगट्री स्टेशनाबाहेर अकरा माणसं पावसात उभी होती, आणि त्यांतलं एकही कुरकुरत नव्हतं. त्यांना नदीकाठची सहल घडवणाऱ्या हेस्टर गॅरडला त्याचंच ओझं वाटत होतं. कुरकुरणाऱ्याची समजूत तरी घालता येते. गप्प भिजणाऱ्याचं काय करायचं?

"मिस्टर प्रेंटिस आले की निघूच," लाल छत्री उंच धरून ती म्हणाली.

"आम्हाला काही घाई नाही हं," पेटिटबाई म्हणाल्या. त्यांच्या टोपीच्या कडेवरून पाण्याचा थेंब नेमका नाकावर पडत होता.

तेवढ्यात स्टेशनाच्या दारातून एक तरुण बाहेर आला. तिशीचा असेल. पाठीवर फुगलेली पिशवी, कपाळावर ओले केस. छपराच्या कडेशी थांबून तो मान वर करून बघू लागला. टॅक्सीकडे नाही, पाट्यांकडे नाही... आभाळाकडे.

हेस्टर हवामानशास्त्र शिकली होती. आभाळाकडे बघणाऱ्या माणसांबद्दल तिचं मत आधीपासूनच चांगलं होतं.

"आले, आले!" पेटिटबाई ओरडल्या. "मिस्टर प्रेंटिस ना तुम्ही?"

अकरा ओले चेहरे आशेने त्याच्याकडे वळले. तरुणाने तोंड उघडलं. त्याच्या ओठांवर 'नाही' आलं होतं, हेस्टरला ते स्पष्ट दिसलं. मग त्याने ते चेहरे पाहिले, पेटिटबाईंच्या नाकावरचा थेंब पाहिला...

"हो," तो म्हणाला. "माफ करा हं, जरा उशीरच झाला."

हेस्टरने ओठ घट्ट मिटून घेतले. मिस्टर प्रेंटिस अठ्ठ्याहत्तर वर्षांचे होते. लॅटिनचे निवृत्त शिक्षक. आपला एक गुडघा आणि एक कान कामातून गेलाय, हे त्यांनी कालच तिला फोनवर हसत हसत सांगितलं होतं. आणि आत्ता खिशात फोन थरथरला तो त्यांचाच निरोप होता – 'गाडी चुकली. माझ्यासाठी थांबू नका. टॅक्सी करून जेवणाला तुम्हाला फ्लॅटफर्डला गाठतो.'

तिने निरोप वाचला. तरुणाकडे पाहिलं. मग शांतपणे एका चिकटपट्टीवर 'प्रेंटिस' असं लिहून ती त्याच्या कोटावर चिकटवली.

"चला मंडळी."

तिने त्याला तिथल्या तिथे का पकडलं नाही? गंमत वाटली, हे एक कारण. दुसरं कारण ज्युलियन. ज्युलियन तिला दोन वर्षं 'हो' म्हणत होता. सहलीला हो, घराला हो, लग्नाला हो. लग्न तीन आठवड्यांवर आलं तेव्हा कळलं, की त्याला यातलं काहीच नको होतं. समोरच्याचं मन मोडून 'नाही' कसं म्हणायचं, एवढंच त्याला जमत नव्हतं. तेव्हापासून हेस्टरने मनाशी ठरवलं होतं – असल्या गोड माणसांच्या वाटेला पुन्हा जायचं नाही.

आणि आता हा. तपकिरी डोळ्यांचा, आभाळ बघणारा... आणि अनोळखी बाईचं मन राखायला स्वतःचं नाव टाकून देणारा!

संध्याकाळपर्यंत बघू, ती मनात म्हणाली. आपण होऊन खरं सांगतो का ते.

नदीकाठची वाट चिखलाने निसरडी झाली होती. पाऊस थांबला, पण विलोच्या झाडांखालून जाताना अजून टपटपत होतं. दोन्ही बाजूंच्या कुरणांत गाई पोटापर्यंत गवतात उभ्या होत्या. हेस्टर थांबली आणि त्याच्या कानाशी वाकून मोठ्याने म्हणाली,

"मिस्टर प्रेंटिस! ऐकू येतंय ना नीट?"

तो दचकला. "हो! म्हणजे... अगदी नीट."

"नाही, काल फोनवर म्हणालात ना, कानाचं. आणि गुडघा कसा आहे?"

"गुडघा..." त्याने खाली आपल्या पायांकडे पाहिलं, जणू त्यांनाच विचारत होता. "आज बरा आहे बराच."

"माझा हात धरा. पुढे चढ आहे."

त्याने हात धरला. आणि लंगडू लागला! थोडंसं, सभ्यपणे, तिला वाईट वाटू नये इतपत. हेस्टरला हसू आवरेना. तिने खोकल्याचं निमित्त केलं. हाताची पकड मात्र ऊबदार होती... चढ संपल्यावरही ती बराच वेळ सुटली नाही.

"मिस्टर प्रेंटिस."

"हं?"

"मघाशी डावा पाय होता."

तो कानांपर्यंत लाल झाला. आता सांगेल, तिला वाटलं. पण मागून पेटिटबाई म्हणाल्या, "जागा बदलतं हो गुडघ्याचं दुखणं, ह्यांचंही तसंच आहे," आणि त्याने कृतज्ञतेने मान डोलावली.

कुरणाच्या टोकाला झुलतं फाटक होतं. एका वेळी एकच माणूस निघेल आणि गाय अडेल असं. तो आधी पलीकडे गेला. हेस्टर आत शिरली तशी मागून पेटिटबाईंनी टाळी वाजवली.

"थांबा! आधी गेलेल्याने मागच्याला मुका घेतल्याशिवाय सोडायचं नसतं! आम्ही दोघं अजून पाळतो."

"पाळतो म्हणजे... पाळावं लागतं," पेटिटसाहेब पुटपुटले.

तो फाटक धरून उभा राहिला. दोघांच्या मध्ये लाकडाची एक आडवी फळी आणि हेस्टरचा श्वास.

"काय करायचं?" त्याने हळूच विचारलं.

"मी कामावर आहे."

"मग... फाटकाचा कर माफ." त्याने फाटक ढकललं. पण डोळे तिच्यावरून काढायला मात्र तो विसरला.

फ्लॅटफर्डच्या गिरणीमागे, तळ्याच्या काठी, हेस्टरने सगळ्यांना ओळीत उभं केलं आणि चित्राची मोठी प्रत उघडली. चित्रकार कॉन्स्टेबलचं सर्वांत गाजलेलं चित्र इथलंच. डाव्या हाताला पांढरं घर, मध्ये उथळ पाणी, पाण्यात उभी असलेली रिकामी घोडागाडी आणि वर अर्धा कॅनव्हास व्यापणारं आभाळ. घर अजून तसंच होतं. पाणीही. ढग तर बेत ठरवून आल्यासारखे होते.

"गाडी पाण्यात कशाला घातली असेल?" त्याने विचारलं.

"कुणी म्हणतं, घोड्यांना पाणी पाजायला. कुणी म्हणतं, उन्हाने लाकडी चाकं आकसली की लोखंडी धाव सैल होते, म्हणून भिजवायला."

"आणि तुम्ही काय म्हणता?"

"मी म्हणते, मला माहीत नाही." तिने सरळ त्याच्याकडे पाहिलं. "माहीत नसलं की तसं सांगून टाकावं. सोपं असतं ते."

त्याने नजर खाली केली.

चहाच्या दुकानात सगळे बसले, सँडविचच्या थाळ्या आल्या आणि दारात टॅक्सी थांबली. काठी टेकत, उत्साहाने फुललेले एक आजोबा आत आले.

"नमस्कार! उशिराबद्दल क्षमा. मी प्रेंटिस."

टेबलावर अशी शांतता पसरली, की साखरेत चमचा बुडवल्याचा आवाज आला. आजोबांची नजर एकेका चेहऱ्यावरून फिरत तरुणाच्या कोटावरच्या चिकटपट्टीवर आली. त्यांनी ती वाचली. तरुणाचा चेहरा वाचला. मग हेस्टरचाही वाचला, जरा जास्तच वेळ.

"असं होय," ते म्हणाले. "प्रेंटिस आलेले दिसताहेत. मग माझीच काहीतरी चूक होत असेल. या वयात होतं असं. खुर्ची रिकामी आहे का?"

"बसा ना, बसा!" पेटिटसाहेबांनी घाईने खुर्ची ओढली. कुणी त्यांना पुन्हा नाव विचारलं नाही. अकरा माणसं आपापल्या कपांत अशी बघू लागली, जणू सगळ्यांच्या चहात एकदम काहीतरी पडलं होतं.

तरुण उठून उभा राहिला. "मला... मला एक सांगायचंय—"

"दूध हवंय का?" पेटिटबाईंनी कळवळून विचारलं.

"हो," तो म्हणाला. आणि बसला.

हेस्टरने सँडविच खाली ठेवलं. गंमत संपली होती. पुन्हा तोच साचा, हेस्टर. तोच.

दुपारी डेडहमपर्यंत होड्यांनी जायचं होतं. आजोबांनी काठीने हुकूम सोडायला सुरुवात केली. "पेटिट मंडळी त्या होडीत. मी इथे. पोरी, तू ह्या प्रेंटिसांबरोबर बस. त्यांचा गुडघा सांभाळ."

होडी काठापासून सुटली. त्याचे हात सवयीचे होते. वल्ही आवाज न करता पाण्यात जात होती. विलोच्या फांद्या पाठीवर झुकत होत्या. दूर डेडहमच्या चर्चचा मनोरा झाडांवरून वर डोकावला. बाकीच्या होड्या वळणापलीकडे गेल्या, तशी त्याने वल्ही पाण्याबाहेर काढली.

"मी प्रेंटिस नाही."

"माहीत आहे."

"कधीपासून?"

"तुम्ही हो म्हणण्याच्या आधीपासून."

तो बघतच राहिला. "आणि तुम्ही मला लंगडू दिलंत? अख्खा मैलभर?"

"दोन्ही पायांनी. आळीपाळीने."

तो हसला. इतका मोकळा, की काठावरची गाय वळून बघू लागली. "मी कॅलम रीव्ह. बंधारे बांधतो... समुद्राचे. हार्विच बंदराची गाडी पकडायला उतरलो होतो. रात्रीची बोट, दोन वर्षं हॉलंडला काम. दिवस मोकळा होता, म्हटलं पाऊस बघू. आणि त्या बाईंनी असं बघितलं—"

"की नाही म्हणवेना."

"नाही म्हणवेना."

"इथेच तर अडतंय, कॅलम." त्याचं खरं नाव पहिल्यांदा तिच्या तोंडून निघालं आणि दोघांच्याही ते लक्षात आलं. तिने न थांबता ज्युलियनचं सगळं सांगितलं, हिशेबी, कोरड्या आवाजात. "तू मला आवडलास. स्टेशनावर आभाळाकडे बघत होतास तेव्हाच. पण मला आवडणारा माणूस हो म्हणाला, तर तो खरंच हो म्हणतोय की माझ्या नाकावरचा थेंब बघून म्हणतोय... हे मी कशावरून ओळखायचं?"

होडी प्रवाहाबरोबर हळूच मागे सरकू लागली.

"बरं," ती म्हणाली. "आजची सहल कशी वाटली? खरं सांग."

"छा—" तो थांबला. मोठा श्वास घेतला. "सँडविच वाईट होतं. चहा त्याहून वाईट. चित्र मी नीट पाहिलंच नाही... तू ती प्रत धरली होतीस, मी तुझ्या मनगटाकडे बघत होतो. आणि तू आजोबांना ओळखून गप्प बसलीस, त्याचा मला राग आला. अजून आहे थोडा."

"राग?"

"हो."

"छान," हेस्टर म्हणाली. तिच्या गालांवर ऊन आलं होतं, किंवा नुसतंच गरम झालं होतं. "वल्हव आता. मागे चाललोय आपण."

डेडहमच्या काठावर उतरताच कॅलम सगळ्यांसमोर उभा राहिला आणि मोठ्याने म्हणाला, "मंडळी, मी प्रेंटिस नाही. खरे प्रेंटिस हे. मी सकाळी खोटं बोललो."

"अहो, आम्हाला वाटलंच होतं," पेटिटबाई म्हणाल्या. "पण तुम्हाला उगाच अवघडल्यासारखं व्हायला नको!"

संध्याकाळी मिनीबसने सगळ्यांना स्टेशनावर सोडलं. मंडळी लंडनच्या गाडीकडे गेली. हार्विचची छोटी गाडी पलीकडच्या फलाटावर आधीच उभी होती. कॅलम दारात चढला. पावसानंतरचं आभाळ धुतल्यासारखं लांबवर उघडं पडलं होतं.

हेस्टरने कोटाच्या खिशात हात घातले.

"शनिवारी आईकडे जेवण आहे," ती म्हणाली. "माझ्या वाढदिवसाचं. येशील?"

तिने मुद्दामच विचारलं होतं. आणि विचारताक्षणीच तिला कळलं, की ही परीक्षा नव्हती. तिला खरंच तो यायला हवा होता. त्याच्या डोळ्यांत 'हो' उजळलं. ओठांपर्यंत आलं. ज्युलियन इथे 'हो' म्हणाला असता, आणि शुक्रवारी रात्री त्याचा फोन आला असता.

"नाही," कॅलम म्हणाला.

त्याने दाराची दांडी घट्ट धरली.

"शनिवारी समुद्र अडवणाऱ्या दाराची पहिली पाहणी आहे. मला निघता येणार नाही. आत्ता हो म्हटलं, तर तुला बरं वाटेल आणि ते खोटं असेल. फार यावंसं वाटतंय. तरी नाही."

काय विचित्र सुख असतं! कुणी आपल्याला नकार द्यावा, आणि छातीत इतक्या दिवसांची घट्ट बसलेली गाठ सुटावी.

"पाहणी बघायला बाहेरच्या माणसांना सोडतात?"

"नाही."

"संध्याकाळी तू मोकळा असतोस?"

"असतो."

"मग आईला सांगते, जेवण रविवारवर ढकल... नाही, पुढच्या आठवड्यावरच. शनिवारी सकाळच्या बोटीने मी तिकडे येते. वाढदिवस माझा, कुठे घालवायचा ते मी ठरवणार. चालेल?"

तो लगेच बोलला नाही. भुवया जवळ आणून त्याने खरोखर विचार केला. हेस्टरला तो सेकंद फार लांब वाटला, आणि आयुष्यात कुणी तिच्यासाठी इतका सुंदर सेकंद घेतला नव्हता.

"हो," कॅलम म्हणाला.

दारं मिटण्याची शिट्टी झाली. हेस्टरने पायरीवर एक पाय ठेवला, त्याच्या कोटाची कॉलर धरून त्याला खाली ओढलं, आणि कामाची वेळ संपली असल्यामुळे निवांतपणे त्याचा मुका घेतला.