दुपारी हरवणारी गल्ली

ताईच्या फोनवरचा निळा ठिपका गोठला, तेव्हा सव्वा वाजला होता.

"त्या दिवशीही इथंच," ती म्हणाली आणि तिने अँब्युलन्स थांबवली.

शेजारी बसलेल्या चौकशी अधिकारी बाईंनी वेळ टिपून घेतली. नऊ दिवसांपूर्वी या एकसारख्या बावीस इमारतींत ताई एकोणीस मिनिटं भटकली होती. पोचली तोवर ज्यांना न्यायचं होतं ते म्हातारे बाबा गेले होते. त्यांच्या मुलाने तक्रार केली, ड्रायव्हरचा हलगर्जीपणा. ताईची नोकरी आजच्या अहवालावर टांगली होती.

नाक्यावरच्या पार्सलवाल्याला बाईंनी विचारलं. तो म्हणाला, रविवार सोडून रोज एक ते दोन इथला नकाशा झोपतो, त्यालाही जेवणाची सुट्टी लागते. गेला आठवडाभर मात्र शहाण्यासारखा वागत होता.

"आणि आज?"

"आज पुन्हा झोपला."

बाबांच्या इमारतीखाली एका कंपनीची व्हॅन उभी होती. बाईंनी काचेतून आत पाहिलं आणि जिना चढल्या. ताई मागोमाग चढली, पण फोन हातात धरून वरच्या उघड्या व्हरांड्यातच थांबली.

मुलगा जबाबापुरता कामावरून, तीच व्हॅन घेऊन आला होता. गादी गुंडाळलेली, उशाशी वाटी-चमचा तसाच. तो बोलत होता तो गाड्यांचं वेळापत्रक वाचल्यासारखा. रविवारी सुट्टी. कंपनी कडक, व्हॅन जरा वाट सोडून गेली की फोन येतो.

"दुपारी बाबांना कोण भरवायचं?"

"मीच यायचो."

"तेव्हा कंपनीचा फोन यायचा?"

त्याने नकारार्थी मान हलवली.

बाईंनी आवाज न चढवता सांगितलं, "व्हॅनच्या लायटरच्या खोबणीत बोटभर जॅमर आहे. कंपनीला नकाशावर व्हॅन दिसू नये म्हणून तुम्ही लावलात. पण उपग्रहाचा सिग्नल मुळात क्षीण, आसपास सगळ्यांचाच बुडतो. रविवारी तुम्ही घरी, व्हॅन कंपनीत, म्हणून नकाशा चालायचा. बाबा गेल्यावर दुपारचं येणं थांबलं, तेव्हाही चालला. आज आलात, सवयीने तो लावूनच. त्या दिवशी अँब्युलन्स बोलावलीत, तेव्हा व्हॅन खालीच होती ना?"

तो वाटीकडे बघत राहिला. "म्हणजे मीच बोलावलं, आणि मीच..."

नऊ दिवस ताईने त्याला सुनावायची वाक्यं घोकली होती. आता एकही आठवेना.

तो उठला. तिच्या बाजूने वाट काढत जिना उतरला. खाली व्हॅनचं दार उघडल्याचा आवाज आला.

ताईच्या हातातला ठिपका हलला. फोन शांतपणे म्हणाला, "आपण इच्छित स्थळी पोचला आहात."