दीड मीटरची साक्षी

अरे, नुसतं ऐक! मध्येच हसलास तर सांगणार नाही!

मुखेडजवळ साक्षीच्या मामाचं गाव. सुट्टीला ती लातूरहून आली, तर अंगणात हा कल्ला! उद्या यात्रा, लेझीमची पोरं पंधरा, आणि झब्बा-पायजम्याचे जोड शिवून आले तेरा!

"छत्तीस मीटर कापड दिलं व्हतं मी!" रेवणप्पामामा अख्ख्या गल्लीसमोर गरजले. "एका जोडाला दोन पॉइंट चार. छत्तीस भागिले दोन पॉइंट चार, बरोब्बर पंधरा! दोन जोडांचं कापड कुठं गेलं, कोंडाबाई?"

शिवणकाम करणाऱ्या कोंडाबाईंनी उरलेला तुकडा पुढं केला. "एवढंच उरलं, दादा. माहूरच्या आईची आण!"

"चोरी ती चोरीच! आजपासून हिला कुणी शिवायला टाकू नका रे!"

कोंडाबाईंची नात ऋतुजा म्हणजे साक्षीची सुट्टीतली जिवाभावाची मैत्रीण. तिचे डोळे डबडबले. साक्षीनं तिला आणि मामेभाऊ वीरभद्रला गोठ्यामागं ओढलं.

"आज्जीनं चोरलं न्हाई!" ऋतुजा म्हणाली.

"ठावं हाय. पण माझ्या अप्पाचं गणित बी बरोबर हाय की!" वीरभद्र म्हणाला.

"गणित बरोबर, पण छत्तीस मीटर मोजले कशानं?" साक्षीनं विचारलं.

"आज्जाच्या दुकानातली मीटरची पट्टी हाय ना, आता दाराला अडसर लावतो ती!" वीरभद्र म्हणाला.

तिघं पळाले. पट्टीवरचे आकडे पार झिजलेले. एक टोक गुळगुळीत, आणि दुसरं... करवतीनं कापलेलं!

"आज्जीचा टेप आणू?" ऋतुजा कुजबुजली.

"नको, मामा म्हणतील टेपच खोटा! त्यांच्याच पट्टीनं त्यांनाच मोजायला लावू."

"घरात गुपचूप सांगू की गं," वीरभद्र चुळबुळला. "अप्पाची इज्जत जाईल!"

साक्षी पट्टी घेऊन अंगणात गेली आणि भिंतीला टेकून ताठ उभी राहिली. "मामा, माझी उंची मोजा ना!"

"आता? बरं, हो सरळ!" एक पट्टी, वर बरोब्बर अर्धी. "दीड मीटर!"

"अगं बाई! गेल्याच आठवड्यात शाळेत एक पॉइंट पस्तीस भरले होते! मामीची भाकर भलतीच लागली म्हणायची!"

गल्ली खो खो हसली.

"का पट्टीच घटली?" साक्षीनं विचारलं. " एक पॉइंट पस्तीस भागिले दीड. दशांश चिन्ह एकेक घर सरकवा, साडेतेरा भागिले पंधरा. शून्य पॉइंट नऊ! तुमची मीटरची पट्टी तेवढीच! म्हणजे तुमचे छत्तीस मीटर खरे बत्तीस पॉइंट चारच! त्याला भागा दोन पॉइंट चारनं..."

"साडेतेरा!" ऋतुजा ओरडली. "तेरा जोड, आन् अर्ध्या जोडाचं कापड!"

सगळे कोंडाबाईंच्या हातातल्या तुकड्याकडं बघत राहिले.

मामांनी कापलेल्या टोकावर अंगठा फिरवला. "चौकटीत बसना म्हणून मीच कापली की! पार इसरलो." मग टोपी काढून ते गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाले, "कोंडाबाई, चूक माझी हाय. माफ करा. घरात त्याच ताग्यातलं कापड उरलं हाय, आता तुम्हीच मोजा."

उरलेला तुकडा धरून दोन जोडांना जेवढं कमी पडत होतं, तेवढं तीन पॉइंट सहा मीटर कोंडाबाईंनी टेप लावून कापलं आणि मशीन खडखडायला लागलं.

"पोरी, मामाचीच मापं काढलीस की!" मामांनी साक्षीच्या पाठीवर थाप मारली. "लई हुशार हायस!"

वीरभद्र म्हणत होता तसं गुपचूपही सांगता आलं असतं. पण चोर तर सगळ्या गल्लीसमोर म्हटलं होतं ना! तूच सांग, तू काय केलं असतंस?