भिंतीपलीकडचा डिफेंडर

मोगऱ्याची सात रोपं, मोडलेली.

लिंबाएवढी चांदीची डबी.

उजव्या गुडघ्यातला एक आवाज — तो मला प्रेक्षकांत बसून ऐकू आला, असं मी अजून म्हणते.

नांदेड–लातूर, सकाळी सहाची एसटी.

दोन उपाशी माणसं.

हे सगळं एकाच गोष्टीतलं आहे. सांगते.

नांदेडला आमची रोपवाटिका मैदानाला लागून, मधे छातीएवढी भिंत. त्या दिवशी चेंडू आला तो थेट मोगऱ्यावर. मागोमाग भिंतीवर दोन कोपर आणि घामानं भिजलेला एक चेहरा. अमरेश. लातूरचा. क्लबचा डिफेंडर.

"गोल तिकडं हाय," मी म्हटलं. "माझा मोगरा गोलकीपर न्हाई."

"डिफेंडरचं काम चेंडू घालवायचं. कुठं जातो ते बघायचं न्हाई."

"आता तर लई बघून राहिलात."

तो लाजला... आणि दुसऱ्या दिवशी सकाळी सात पिशव्यांत माती भरायला हजर झाला. मग चेंडू येतच राहिला. रोपं मोडायची, तो माती भरायचा. माझ्या अप्पांनी त्याला स्वतःचं खुरपं देऊन टाकलं, म्हणाले, असा मन लावून काम करणारा गडी मिळत न्हाई.

माती भरता भरता तो खेळ समजावायचा. डिफेंडरनं आधी हालायचं नाही. समोरच्याला हालू द्यायचं, मग पाय टाकायचा. मी ऐकायची, आणि मनात म्हणायची — हा आयुष्यभर असाच थांबणार.

मग ती मॅच. नवे रेफरी, गळ्यात काही चालणार नाही म्हणाले. अमरेशच्या गळ्यात चांदीची डबी, डबीत इष्टलिंग. आम्हा लिंगायतांत दीक्षेला गळ्यात येतं ते अंगावेगळं करत नाहीत. करावंच लागलं तर कुणाच्याही हाती देत नाहीत. एरवी त्याची आई लातूरहून यायची, ओंजळीत घेऊन बसायची. त्या दिवशी ती आली नव्हती. तो सगळ्या लोकांतून चालत माझ्यापाशी आला.

"तुमच्याबी गळ्यात हाय," एवढंच म्हणाला. "म्हणून."

मी दोन्ही हात पुढे केले.

सत्तराव्या मिनिटाला तो घसरत चेंडूवर गेला. चेंडू गेला, गुडघ्यातला तो आवाज आला, अमरेश उठला नाही. कुणीतरी गाडी आणली, लातूरच्या दवाखान्यात नेऊ म्हणाले, दार लागलं, धूळ उडाली... आणि मी उभी. ओंजळीत डबी तशीच.

संध्याकाळी त्याच्या आईचा, रत्नम्मांचा फोन आला. सुई टोचून घेतली, पण घास घेईना म्हणाल्या. पूजेआधी जेवायचं नाही, हा त्यांच्या घरचा नेम. मला आधी राग आला — अशा वेळी कसला नेम. मग समोरच्या ताटाकडे पाहिलं, आणि ते सारून ठेवलं.

सहाची एसटी. लोहा, अहमदपूर, चाकूर. कंडक्टरला तिकिटाचे पैसे अप्पांनी खालूनच दिले, कारण माझे हात मोकळे नव्हते.

दवाखान्याच्या दारात रत्नम्मांनी माझ्या तोंडाकडे पाहिलंच नाही. हातांकडे पाहिलं.

"खाली ठेवलीस का कुठं?"

"न्हाई."

"झोपताना?"

"झोपलेच न्हाई."

"खाल्लंस काही?"

मी मान हलवली. डब्यातून एक ताटली काढली होती, आता दुसरी काढली.

अमरेशनं कपाळाला भस्म लावलं, डाव्या तळहातावर लिंग घेतलं, डोळे मिटले. मी इतका वेळ कुणाचा चेहरा पाहिला नव्हता. मग भाकरी आणि शेंगाची चटणी. पहिला घास आम्ही दोघांनी एकदमच घेतला.

"खेळणं संपलं म्हणतात डॉक्टर," तो ताटलीकडे बघत म्हणाला. नांदेडला आता कशाला यायचं, असंही पुटपुटला.

मी सांगितलं, मैदानावर पोरींचा संघ आहे, त्यांना कोच नाही. त्यांचेही चेंडू मोगऱ्यावरच येतात. त्यानं मान वर केली. मग भाकरीचा तुकडा मोडून घेतला... तो अमरेशच.

"आधी हालायचं न्हाई ना?" मी म्हटलं. "मी नांदेडहून आले. आणखी किती हालू?"

भाकरीचा तुकडा त्याच्या हातातच राहिला.

"सृष्टी —" आजवर 'तुम्ही'च्या पुढे कधी गेला नव्हता. "विचारू का?"

"काय?"

"आईला."

"मला काय विचारायलास," रत्नम्मा दारातून म्हणाल्या. "तिला विचार. आणि भाकरी गार व्हायली."

त्यानं विचारलं. मी तोंडातला घास आधी गिळला, मग हो म्हटलं.

आता तो त्याच मैदानावर पोरींना शिकवतो. जरासा लंगडतो, जोरात ओरडतो — आधी पाय टाकू नका, थांबा, बघा. पोरी भिंतीकडे, माझ्याकडे बघून हसतात. मोगरा आम्ही दुसऱ्या टोकाला हलवला नाही.

आणि एक सांगायचं राहिलं. त्या दिवशी अमरेशचा तो पहिला चेंडू भिंतीवरून मोगऱ्यावर आला, तेव्हा त्याच्या वीस पावलांत विरुद्ध संघाचा एकही खेळाडू नव्हता; चेंडू घालवायचं काही कारणच नव्हतं.