चार नंबरचं मिनिट

बफेलोच्या स्टेशनवर मी अडतीस वर्षं गाड्यांच्या घोषणा केल्या. त्या काळात एवढ्या थापा मारल्या, की त्या भरून एक मालगाडी न्यूयॉर्कला धाडता आली असती. ही गोष्ट मात्र थाप नाही.

आमच्याकडे एक रीत होती, कुठे छापलेली नव्हती. पाटीवरची चार-दहाची गाडी चार-अकराला सुटायची. मधलं मिनिट धापा टाकत येणाऱ्यांचं. चार नंबरच्या फाटकावर काझिमिर लोखंडी दार पायाने अडवून उभा असायचा. त्याची बायको वांडा याच गाडीने कामाला जायची, आणि रोज त्या मिनिटातच पोचायची. ती वारली तेव्हा मी म्हटलं, "आता तरी पाय काढ दारातून." तो हसला नाही. निवृत्त झाल्यावरही रोज यायचा, मिनिटभर दार धरायचा, घरी जायचा.

मग नूतनीकरण आलं. बाकं गेली, संगमरवर घासला गेला, माझ्या जागी ध्वनिमुद्रित आवाजाची बाई आली. फाटकाला काचेची सरकती दारं, वर, दारं उघडली की शून्यापासून माणसं मोजणारा आकडा. हे सगळं बसवणारी इंजिनिअर जनेल हुशार, पण फटकळ.

"पोरी, ते मिनिट राहू दे," काझिमिर म्हणाला. "त्यात यायची सवय असलेले बाहेर राहतील."

"आजोबा, उशिरा येणाऱ्यांसाठी पुढची गाडी असते."

"वांडाला नाही गं."

जनेलने माझ्याकडे पाहिलं. मी खांदे उडवले.

पहिल्या दिवशी चार-दहाला दारं मिटली, गाडी सुटली. दालनात स्वच्छ ऊन होतं, आणि आम्ही तिघंच.

काच थरथरली.

"सरोवरावरचा वारा," जनेल म्हणाली.

पण काच फलाटाच्या बाजूला फुगत होती. रेटा आमच्या बाजूने होता. काचेवर वाफ धरली. वाफेत तळवे उमटले. एक, चार, मग मोजता येईनात. काही माझ्या गुडघ्याएवढ्या उंचीवर.

"अरे," काझिमिर मला हळूच म्हणाला, "ते बघ."

दोन दारांमधल्या रबरी पट्टीत हिरवा हातमोजा अडकला होता. अंगठ्यावर पिवळ्या दोऱ्याची शिवण.

"ही शिवण माझी आहे. हातात घालूनच पुरलं मी तिला."

मोज्याची बोटं वळवळली.

"उघड!" तो ओरडला. "अगं, चिरडतेय ती!"

जनेलने बटणावर मूठ आपटली. दारं सरकली. मोजा नव्हता. काझिमिरने टोपी काढली, दारातून फलाटाकडे गेला. एकटाच. मी डोळ्यांनी पाहिलं.

चार-अकराला दारं मिटली.

वरचा आकडा सत्तावीस.

दारं पुन्हा उघडून आम्ही धावलो. फलाट रिकामा. टोकाला ताजा बर्फ, त्यावर एकही पाऊल नाही. काझिमिर आजतागायत सापडलेला नाही.

ते मिनिट जनेलने कोणाला न विचारता यंत्रणेत घातलं. कारणाच्या रकान्यात लिहिलं, 'देखभाल'.

कॅमेऱ्यातलं चित्रण तिने मला एकदाच दाखवलं. काझिमिर एकटाच दारातून जातो. जाताना डावं कोपर जरा बाहेर काढतो, कोणी हात घालावा म्हणून. तिथे तिने चित्र थांबवलं.

कोटाची बाही कोपराजवळ दबलेली होती. चार बोटांएवढी.