अबोल्याच्या दिवशीची फेरी

आज संध्याकाळी आमची बोट धक्क्याला लागताना तुम्ही पाहिलीत आणि विचारलंत, की गाइड असून मी पुढच्या टोकावर उलटी का बसते, जायच्या दिशेला पाठ करून. बहुतेकांना मी सांगते, पाहुण्यांशी बोलायला बरं पडतं म्हणून. पण तुम्ही उद्या दिवसभर माझ्या बोटीत बसणार आहात, तेव्हा तुमच्याशी खोटं बोलत नाही. कंदील जरा अलीकडे घ्या. तिकिटांची खिडकी बंद झाली की इथली वीज जाते, आणि ही गोष्ट अंधारात सांगायला मला आवडत नाही.

तेव्हा बोट आम्ही दोघं चालवायचो, मी आणि माझा नवरा. सकाळी धुकं विरलं की निघायचं. मोठ्या पाण्यावर इंजीन लावून पाणकावळ्यांचं बेट आणि मगरींचा काठ दाखवायचा, दुपारी पाण्यातल्या लाकडी फलाटावर जेवण उरकायचं, आणि मग इंजीन बंद करून लव्हाळ्याच्या आत शिरायचं. आत पाण्याच्या अरुंद वाटा आहेत. आम्ही त्यांना गल्ल्याच म्हणतो. दोन्ही बाजूंना माणसाच्या डोक्यावर जाईल एवढं गवत आणि मधे बोट जेमतेम मावेल एवढं पाणी. तिथे मी पुढच्या टोकावर असायची आणि तो मागच्या टोकावर लांब बांबू घेऊन उभा. मधे छत, छताखाली बाकांवर पाहुणे. एकमेकांचं तोंड दिसायचं नाही. बोलायचीही सोय नाही, कारण माणसाचा आवाज आला की पक्षी उडतात, पाणमांजर बुडी मारतं, आणि पाहुण्यांना नुसतं गवत बघून घरी जावं लागतं.

म्हणून आम्ही बोटीच्या कडेवर टकटक करायचो. एकदा म्हणजे थांब, दोनदा म्हणजे चल, तीनदा म्हणजे मागे घे. मी वाजवायचं, त्याने तसंच वाजवून उत्तर द्यायचं, मगच बोट हलायची. मान वळवायचीही गरज पडत नसे. धक्क्यावरची मंडळी चेष्टा करायची, म्हणायची, यांचा संसार टकटकीवर चालतो. खोटं नव्हतं ते.

त्या दिवशी आमच्यात अबोला होता. कारण जुनंच. त्याला हे काम सोडायचं होतं. बांबू ढकलून ढकलून त्याचे खांदे गेले होते आणि दमट हवेने खोकला छातीत घर करून बसला होता. शहरात त्याच्या भावाने एका गोदामावर रखवालदाराची जागा बघून ठेवली होती. बोट विकू, असं तो महिनाभर म्हणत होता. त्या सकाळी चहा गाळता गाळता मी म्हटलं, "बोट विकायची तर आधी मला विकून या." तो कप तसाच ठेवून उठला. मग मीही हट्टाला पेटले. आधी तो बोलेल, मग मी. माझा राग तेव्हा कायम नाकाच्या शेंड्यावर असायचा.

सकाळ नेहमीसारखी गेली. थोडेच पाहुणे होते. एक नवं लग्न झालेलं जोडपं, त्यांचे दोन मित्र, आणि एक निवृत्त शाळामास्तरीण. बाईंनी सगळ्यात मागचा बाक धरला होता, सगळा वर्ग नजरेखाली राहावा म्हणून असेल. त्यांना खंड्या दिसला, मगरीचं पिल्लू दिसलं, सगळे खूश होते. मी भरभरून माहिती सांगत होते आणि मागे एक शब्द बोलत नव्हते.

फलाटावर जेवणं झाली. खरकटं पाण्यात टाकलं की मगरी फलाटाशी यायला लागतात, म्हणून तो रोज सगळं पिशवीत भरून फलाटाच्या मागल्या बाजूच्या पेटीत टाकून यायचा आणि सगळ्यांत शेवटी बोटीत चढायचा. तोवर मी पाहुण्यांना बसवून घ्यायची. त्या दिवशीही तो पिशवी घेऊन गेला. मी पुढे जाऊन बसले आणि मागे वळून पाहिलं नाही. का पाहू? त्याने सकाळपासून पाहिलं होतं का माझ्याकडे? थोड्या वेळाने बोट मागच्या बाजूला दबली, कुणी चढलं की दबते तशी. मी दोनदा वाजवलं. मागून दोनदा उत्तर आलं. बोट निघाली.

गल्लीत शिरलो आणि पहिल्यांदा जाणवलं ते इतकंच, की आज बोट फार गुळगुळीत चाललीय. बांबू चिखलात रुततो तेव्हा एक हिसका बसतो. बांबू वर येतो तेव्हा पाणी गळतं. तसलं काही नाही. खोकला नाही. मला वाटलं, स्वारी मला दाखवून देतेय, की तुझ्यावाचून माझं काही अडत नाही. मनात म्हटलं, दाखव.

मग बगळे दिसले. दोन्ही बाजूंना, गवताच्या बुंध्याशी, ओळीने उभे. एरवी बोट जवळ आली की ते उडतात. हे उडाले नाहीत. पाहुण्यांनी कॅमेरे काढले, कुणीतरी हळूच "वा" म्हणालं. मी मात्र त्यांच्या माना बघत होते. एकही बगळा आमच्याकडे बघत नव्हता. सगळे बोटीच्या मागच्या टोकाकडे बघत होते, आणि बोट पुढे सरकेल तशा त्यांच्या माना वळत होत्या.

तेवढ्यात मास्तरीणबाई बाकांना धरत धरत पुढे आल्या.

"मी इथे बसू का?" त्या कुजबुजल्या. "मागे... वास येतोय."

"कसला?"

"चिखलाचा. खूप जुन्या चिखलाचा." त्यांनी पदर नाकाला लावला होता. "आणि तुमचे मिस्टर... ते इतके ओले कसे?"

मी हसून काहीतरी बोलले. पण पाण्यात उतरायचं त्याला कारणच नव्हतं.

पुढे गल्लीला फाटा फुटतो. उजवीकडची वाट मोठ्या पाण्याला मिळते. डावीकडे आम्ही कधीच जात नाही, तिथे पाण्यावर शेवाळाचा थर आहे आणि खाली तळ लागत नाही. बोट डावीकडे वळली. मी एकदा वाजवलं. थांब. मागून दोनदा आलं. चल. मी तीनदा वाजवलं, जोरात, बोटं दुखेपर्यंत. मागे घे. पुन्हा दोनदा. त्या आवाजात लाकडाचा टणकपणा नव्हता. भिजलेल्या फळीवर भिजलेला हात पडावा तसा तो मऊ आवाज होता, आणि तो कडेवरून येत नव्हता. पायांखालून येत होता.

इतक्या वर्षांत मी त्याची टकटक झोपेतही ओळखली असती. ही त्याची नव्हती. आणि मी फलाटापासून इथवर तिच्यावरच विसंबून आले होते.

अबोला, हट्ट, सगळं गळून पडलं. मी मोठ्याने म्हणाले, "अहो, पुरे झालं. मागे घ्या आता."

बोट थांबली. बगळे एकदम उडाले. मग कसलाच आवाज राहिला नाही. छताखालून वाकून मी मागे गेले, पाहुणे पाय आवरून वाट देत होते, नवी नवरी रडायला लागली होती. मागच्या टोकावर कुणीही नव्हतं. बांबू आपल्या जागी आडवा ठेवलेला होता, कोरडा ठणठणीत. तो जिथे उभा राहायचा त्या फळीवर काळ्या चिखलाचं थारोळं साचलं होतं, आणि ते अजून कडेवरून खाली गळत होतं.

मी हाका मारल्या. किती मारल्या, आठवत नाही. वाटलं, पडला पाण्यात. कधी पडला? पडल्याचा आवाज कसा नाही आला? शेवटी मास्तरीणबाईंनी माझा हात धरला आणि वर्गात बोलतात तशा ठाम आवाजात म्हणाल्या, "आधी या मुलांना बाहेर काढा. मग आपण त्यांना शोधू." मी इंजीन सुरू केलं. पंख्यात शेवाळ अडकत होतं, दर वेळी हात घालून काढायचं. दर वेळी वाटायचं, आता खालून कुणीतरी हात धरणार.

धक्क्यावर दुसऱ्या बोटीचे मामा दोर गुंडाळत होते. आमच्यातले सगळ्यांत जुने नावाडी, सगळ्यांचेच मामा. मला बघून त्यांचे हात थांबले.

"अगं, तू इथे कशी? आत्ता येताना तर फलाटावर पाहिलं तुला."

"फलाटावर?"

"नवऱ्याशेजारी बसली होतीस की. पाय सोडून, गप्पा मारत. मी हात केला. म्हटलं, चला, मिटलं वाटतं दोघांचं."

"मामा, मी गल्लीत होते. या सगळ्यांबरोबर."

मामांनी पाहुण्यांचे चेहरे पाहिले. "मग ती..." ते म्हणाले. गुंडाळलेला दोर त्यांनी पुन्हा बोटीत टाकला.

आम्ही दोघं निघालो. ऊन पाण्यावर आडवं झालं होतं. तो जिवंत आहे, एवढंच मी मनात घोकत होते. फलाट दिसला आणि फलाटावर तो दिसला, आणि मला रडू फुटलं. तो कडेला बसला होता, कोरडा, ठणठणीत. त्याच्या शेजारची फळी तेवढी ओली होती, माणूस बसेल एवढ्या जागेत.

"अहो," मी हाक मारली.

तो उठला. पुढे आला नाही. दोन पावलं मागे सरला.

"आलीस," तो म्हणाला. "ती म्हणालीच होती."

"कोण ती?"

"म्हणाली, ऊन उतरलं की माझ्यासारखी दिसणारी एक जण येईल. बोट घेऊन येईल. रडेल. तिच्याबरोबर जाऊ नका."

मामांनी बांबूने बोट फलाटाला टेकवली. मी म्हणाले, "अहो, मीच आहे. सकाळी चहा गाळताना बोलले ती मी."

"तेही तिने सांगितलं. चुकलं म्हणाली. बोट विकू म्हणाली. तुमच्या छातीला तिकडची हवा मानवेल म्हणाली." त्याचा आवाज भरून आला. "दुपारभर बोलत होती गं माझ्याशी. किती दिवसांनी..."

"ती मी नव्हते."

"असेल. मला कळत नाही, तुमच्यातली कोण खरी." तो माझ्याकडे बघत राहिला. "पण ती बोलली तरी."

त्या वाक्याने मला काय झालं, ते मी तुम्हाला सांगू शकत नाही. मी हात पुढे केला. म्हटलं, "उद्याच विकू. आजच विकू. मला नको ही बोट, काहीच नको. तुम्ही तेवढे चला घरी." माझ्या तोंडातून असं काही त्याने जन्मात ऐकलं नव्हतं. त्याच्या कपाळावरची आठी सैल झाली. तो पुढे आला, एक पाय फलाटाच्या कडेला, हात लांबवलेला. त्याची बोटं माझ्या बोटांना लागली. गरम होती.

आणि मागच्या लव्हाळ्यातून हाक आली.

"अहो... येताय ना?"

माझाच आवाज होता. पण मी कधी इतक्या मायेने हाक मारली नव्हती. माझ्या अंगावर काटा आला, आणि त्याच वेळी, खरं सांगते, मला तिचा हेवा वाटला.

त्याने हात काढून घेतला. मी उडी मारली, फळीवर घसरले, गुडघे फुटले. तो फलाटाच्या मागच्या बाजूने खाली उतरला, घराच्या पायऱ्या उतरावं तसा, आणि कमरेएवढ्या पाण्यातून गवतात शिरला. गवत त्याच्यामागे मिटलं. मामांनी मला धरून ठेवलं नसतं तर मीही गेले असते.

पुढे बोटी आल्या, पाणबुडे आले, गवत कापून काढलं, जाळी टाकली. त्याची चप्पलसुद्धा मिळाली नाही. मामांनी त्यानंतर पाण्यात पाऊल टाकलं नाही. भावजींनी मला शहरात न्यायचा खूप आग्रह केला. पण मी कशी जाऊ? तो इथेच आहे ना. हल्ली मागच्या टोकावर पगारी नावाडी असतो. टकटक बंद केली, आणि माझं तोंड कायम त्याच्याकडे असतं.

उद्या जेवणानंतर आपण गल्लीत जाऊ. डावीकडचा फाटा आला की इंजीन लावायला सांगून मी बोट पटकन पुढे काढते, पण तेवढ्यातही ऐकू येतं कधीकधी. गवताच्या आत दोघं बोलत असतात, हळू आवाजात, घरात बोलतात तसं. त्याचा खोकला पूर्ण बरा झालाय. ते ऐकायची मला सवय झालीय आता. पण या वर्षीपासून पाहुणे मला विचारायला लागलेत, की आत वस्ती आहे का, लहान बाळ रडतंय कुणाचं तरी. मी म्हणते, पक्षी आहे तो. तुम्हीही ऐकलंत तर पक्षीच म्हणा. आम्हाला मूल नव्हतं. आतलं बाळ रडायला लागलं की त्याची आई त्याला जोजवते, आणि ते गप्प होतं. मग आतून माझ्या आवाजात कुणीतरी हळूच विचारतं, "बाहेर कोण आलंय?"