थोरलीच्या मांडीवरचं

आधीच सांगते, मी देवभोळी नाही. पुलगावच्या शाळेत तीस वर्षं विज्ञान शिकवलं. कोणाच्या अंगात आलं की माझंच डोकं फिरतं. पण नाचणगावच्या आमच्या घरी भाद्रपदात महालक्ष्म्या बसतात आणि थोरली सून मी. त्यामुळे पितळी मुखवटे चिंचेनं घासा, साड्या नेसवा, सोळा भाज्या चिरा, हे सगळं माझ्याच माथी. विश्वास असो नसो, हात चालवावेच लागतात.

गावात सगळ्यांच्या महालक्ष्म्यांजवळ दोन लेकरं मांडतात, एक पोरगा, एक पोरगी. आमच्याकडे नाहीत. नवी नवरी असताना सासूबाईंना विचारलं होतं. त्या म्हणाल्या, "आपल्या थोरल्या महालक्ष्मीची मांडी रिकामीच राह्यते. काऊन ते मले नाई मालूम, अन् तूही नोको विचारू." मग मी विचारलं नाही.

दुसरा दिवस जेवणाचा. नैवेद्याची पानं वाढली की दार लोटायचं आणि सगळ्यांनी बाहेर बसायचं. देवी जेवते तोवर आत डोकवायचं नाही. अर्ध्या तासानं घरच्या बाईनं तीनदा टाळी वाजवायची, मगच दार उघडायचं. सासूबाई गेल्यापासून ती टाळी माझी.

गेल्या वर्षी बाहेर पन्नास माणसं खोळंबली होती. अंगाचं पाणी पाणी करणारा उकाडा. माझी धाकटी जाऊ इंदिरा नागपूरहून आलेली. ती सारखी म्हणत होती, "ताई, लोकं कावले ना भुकेनं. उघडा आता."

आतून आवाज येत होता. थप, थप. ओल्या पिठावर तळहात मारल्यासारखा. "मांजर शिरलं," मी म्हटलं. घड्याळ पाहिलं, बारा मिनिटं झाली होती. टाळी न वाजवता मी दार ढकललं.

मांजर नव्हतं. थोरलीच्या पानावरचं पुरण संपलेलं, आरतीचे कणकेचे दिवे नाहीसे, हळदीची वाटी कोरडी. आणि तिच्या मांडीवर वीतभर लेकरू. अंग पुरणाचं, त्यावर कणकेची पिवळी कातडी. डोळे, कान, बोटं, बोटांना नखं. गुडघ्याखाली मात्र काही नव्हतं. करता करता कोणीतरी उठून गेल्यासारखं.

"ताई, हे तुम्हीच केलं ना?" इंदिरेनं हसत विचारलं. मी शपथ घेतली तेव्हा तिचं हसू मावळलं.

उजव्या गुडघ्यावर अंगठ्याचा ठसा होता. तो मी नंतर भिंगाखाली पाहिला. त्यात रेषा नव्हत्या.

तिसऱ्या दिवशी मुखवटे हलवले, अक्षता टाकल्या, पुन्हा या म्हटलं. देवी गेली. लेकराला कोणी निरोप दिला नाही. बोलावणंच कोणी केलं नव्हतं, तर निरोप काय देणार? आमचे हे, केशवराव, म्हणाले, "नदीत सोडून ये. पिठाचंच तं हाय." मी पिशवीत घालून वर्धेच्या पुलापर्यंत गेले आणि परत आले. ते स्टीलच्या डब्यात ठेवलं.

पुरण दोन दिवसांत आंबतं. हे आंबलं नाही. मुंगी लागली नाही, बुरशी धरली नाही. झाकण उघडलं की आतून थेंब जमलेले असायचे. ओलावा असेल, मी म्हटलं. पण मे महिन्यात, आमच्याकडे पापड छपरावर वाळत नाही तर भाजून निघतो तेव्हाही थेंब होतेच. आणि त्याचं तोंड कायम महालक्ष्म्यांच्या खोलीकडे. मी फिरवून ठेवायची. सकाळी ते परत तिकडेच बघत असायचं.

मला ते बघणं ओळखीचं होतं, म्हणून नदीत टाकवलं नाही. मी चार वर्षांची असताना बाबा गेले. आईनं मला देवळीला मामाच्या ओट्यावर बसवलं, "उद्या येतो हं," म्हणाली आणि गेली. तिचं आर्वीला दुसरं लग्न झालं. मी किती दिवस त्या ओट्यावर बसले ते मामीला विचारा. जेवायलासुद्धा आत जात नव्हते. तिसरीत असताना मामानं आर्वीला नेलं. आईच्या मांडीवर गोरंपान बाळ होतं. तिनं माझ्या हातात लाडू दिला आणि मामाला म्हणाली, "शेवटची गाडी चुकन तुमची."

तर डब्यातल्या त्या जिवाला मी रोज सांगायची, "येईल रे. तुझी येईल." नाव ठेवलं नाही. माझ्या घाईनं त्याचे पाय राहिले होते, तेवढे पुरे व्हावेत एवढंच मनात होतं. पुन्हा भाद्रपद येईल, अर्धा तास पूर्ण देईन, टाळी वाजवीन. मग त्याला आपल्या पायांनी तिच्यामागे जाता येईल.

या वर्षी श्रावणात यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. दिरांनी परस्पर ठरवलं, महालक्ष्म्या आता नागपूरला, त्यांच्या फ्लॅटवर. मुखवटे साडीत गुंडाळून इंदिरा घेऊन गेली. मी हो म्हटलं. नाही कोणत्या तोंडानं म्हणणार होते?

त्या दिवशी संध्याकाळी डबा उघडला. लेकरानं खोलीकडे पाठ केली होती. मी शाळेतलं जुनं होकायंत्र काढलं. तोंड ईशान्येला होतं. नागपूर ईशान्येला आहे.

"नेतो रे तुले," मी मोठ्यानं म्हटलं.

भाद्रपदात डबा मांडीवर घेऊन गाडीत बसले. वर्धा गेलं, सिंदी गेलं. डबा कोमट होत गेला. शेजारची बाई म्हणाली, "पुरणपोळ्या का ओ?" मी हो म्हटलं.

इंदिरेनं डब्यात पाहिलं आणि मागे सरली. "हे काय आणून राह्यल्या तुम्ही, ताई? भरल्या घरात?"

"अर्ध्या तासाचा प्रश्न आहे," मी म्हटलं. "पाया पडते तुझ्या." थोरल्या जावेनं असं म्हटल्यावर तिनं वाट दिली.

मी ते थोरलीच्या मांडीवर ठेवलं. मुखवट्याकडे तोंड करून. दार लोटलं आणि दाराला पाठ लावून बसले, कोणी उघडू नये म्हणून.

दहा मिनिटं काही नाही. मग आवाज आला. थप, थप.

मला रडू फुटलं. करून राह्यली, पाय करून राह्यली! इंदिरा माझा हात धरून बसली होती. मी अर्धा तास दिला. वर पाच मिनिटं दिली. आवाज थांबला. तीनदा टाळी वाजवली. दार उघडलं.

थोरलीच्या मांडीवर लेकरू होतं. पाय होते. पोटऱ्या, घोटे, दहा बोटं.

पण गुडघ्यावर अंगठ्याचा ठसा नव्हता. ते नवीन होतं.

"अगं बाई, किती सुरेख!" इंदिरेनं हात जोडले. सगळे हात जोडून पुढे झाले.

माझं दारामागे होतं. जमिनीवर, भिंतीकडे तोंड करून ठेवलेलं. त्याच्या हातात पुरणाचा एक छोटा गोळा दिलेला होता.

मी त्याला पदरात घेतलं. कोणी थांबवलं नाही. शेवटच्या गाडीची वाट न बघता मी दुपारच्याच गाडीनं परत आले. डबा गार होता. घरी येऊन झाकण पाहिलं, आतून कोरडं.

आठ दिवस डब्याला हात लावला नाही. काय सांगायचं त्याला? मला कोणी काय सांगितलं होतं?

आज सकाळी चहाचं आधण ठेवलं आणि राहवलं नाही. झाकण उघडलं.

ते डब्याच्या तळाशी वाकून बसलं होतं. छातीत खळगा पडला होता, बोटांनी कोरून काढल्यासारखा. आणि त्याच्या मांडीवर, गुडघ्यापाशी संपणाऱ्या त्या मांडीवर, पेराएवढं काहीतरी. डोळे होते, कान होते, बोटं होती.

त्या पेराएवढ्याच्या गुडघ्याखाली काही नव्हतं. त्याचे पिवळे हात तिथेच थांबलेले.

पुन्हा मीच लवकर उघडलं होतं.

मी झाकण लावलं. हळूच, आवाज न करता. गॅस बंद केला, मनगटावरचं घड्याळ काढून फळीवर ठेवलं आणि स्वयंपाकघराचं दार लोटून बाहेर ओट्यावर बसले.

"चहा काऊन नाई झाला अजून?" यांनी आतल्या खोलीतून विचारलं.

"थांबा," मी म्हटलं. "घाई नोका करू."

दारामागून अगदी बारीक आवाज येत होता. थप, थप.