खंड कोणी भरला?

खोटं वाटलं तर वाटू द्या. मी तिथे होते, तुम्ही नव्हता.

गेला मंगळवार. दुपारी चारच्या सुमाराला, मी काम करते त्या टीव्ही केंद्राच्या कंट्रोल रूममध्ये.

आधी आत्याबद्दल. बाबांची थोरली बहीण.

टीव्ही नवा होता तेव्हा सगळं थेट जायचं आणि सारखं तुटायचं. तेव्हा पडदा काळा राहू नये म्हणून आत्या शेजारच्या खोलीत रोज मेकअप करून बसायची. समोर कॅमेरा, वर लाल दिवा. दिवा लागला की गायचं. विझला की गप्प... ओळ अर्धी असली तरी.

अकरा वर्षं.

केंद्राच्या रजिस्टरमध्ये रकाना होता, 'खंड कोणी भरला?' तिथे तिचं नाव एकदाही नाही. 'व्यवस्था केली', बस.

मग ती खोली बंद करायचं ठरलं.

तिला कोणी सांगितलंच नाही.

ती तीन दिवस येऊन बसली. तिसऱ्या दिवशी झाडूवालीला सापडली. खुर्चीतच, गार पडलेली. डोळे दिव्याकडे.

मंगळवारी केंद्राच्या पन्नाशीचा थेट कार्यक्रम होता. मी केंद्राच्या साहेबांना म्हटलं, "जुन्या कलाकारांत आत्याचं नाव घ्या."

"अहो बाई, त्या कलाकार कुठे? स्टेपनी होत्या." साहेब हसले. "गाडीच्या फोटोत स्टेपनी येते का कधी?"

४:१० साहेब मंचावर. "आपण एकाही कलाकाराला विसरलो नाही..."

४:११ आवाज गेला. पाठोपाठ चित्र.

४:११ कोपऱ्यातला जुना मॉनिटर उजळला. त्याची वायर कधीच कापलेली होती.

रिकामी खुर्ची.

आणि... कोणीतरी घसा साफ केला.

पुढे काहीच ऐकू आलं नाही. आम्ही सगळे मंचाची लाइन जोडण्यात.

४:१५ लाइन आली. प्रक्षेपण मंचाकडे वळवायचं बटण मी दाबलं.

मी शेजारच्या खोलीकडे धावले. आता ती अडगळीची खोली आहे. बाहेरून कुलूप. उघडलं तर आत बोटभर धूळ.

खुर्चीवर मात्र धूळ नव्हती.

दिव्याच्या होल्डरमध्ये बल्ब नव्हता... तरी भिंत लाल होती.

फोन वाजला. बाबा. घरी टीव्हीसमोर बसलेले.

"ताई गायली गं. चार मिनिटं."

मी लाल भिंतीकडे पाहिलं.

"या वेळीसुद्धा ओळ अर्ध्यात तोडलीत. कोणी तोडली?"

मी फोन ठेवला.

रजिस्टरमध्ये मी आत्याचं नाव लिहिलं. पूर्ण, ठळक. बुधवारी ते खोडलेलं होतं. वर साहेबांचं अक्षर : 'व्यवस्था केली'.

उद्या साहेबांचं थेट भाषण आहे. बटणापाशी मीच.

काय करीन, मलाच भरवसा नाही.

पण आज दुपारपासून, कुलपाच्या आत...

कोणीतरी घसा साफ करतंय.